कऱ्हाडचा ऱ्ह

आमच्या गावच्या वाचनालयाला पंचाहत्तर वर्षं होणार म्हणून जुने फोटो स्कॅन करून द्यायचं काम मी हौसेनं अंगावर घेतलं. गाव कऱ्हाडपासून हाकेच्या अंतरावर, फोटो सगळे मिळून सहाशे चाळीस. प्रत्येक फोटोखाली पांढरी पट्टी हवी आणि तिच्यावर मराठीत साल, प्रसंग, माणसांची नावं. हा मजकूर ग्रंथपाल काकूंनी तीन महिने खपून टाइप केला होता. तेव्हा फोटोशॉपमध्ये एकेक फोटो उघडून नावं चिकटवत बसण्यापेक्षा एका कमांडीत सगळे काढू, असं मी बैठकीत छातीठोकपणे सांगितलं. कार्यकारिणीनं मान डोलावली. माझी पुढची दोन आठवडे झोप त्या मान डोलावण्यानं खाल्ली.

माझ्या डोळ्यासमोर होतं इमेजमॅजिक. चित्रांवर काम करणारं हे जुनं आणि फुकट सॉफ्टवेअर, त्याला खिडक्या-बटणं जवळपास नाहीत, सगळं काळ्या पडद्यावर टाइप करून. ड्यूपाँ कंपनीत काम करणाऱ्या जॉन क्रिस्टी यांनी ते १९८७ साली लिहायला घेतलं. त्या वेळच्या पडद्यांवर एका वेळी २५६च रंग दिसत, आणि कोट्यवधी रंगांची चित्रं त्यांवर बरी दिसावीत एवढाच मूळ हेतू होता. १९९० च्या ऑगस्टमध्ये त्यांनी ते सगळ्यांसाठी मोकळं केलं. आज कित्येक वेबसाइटींच्या पोटात तुमचा फोटो लहान-मोठा करण्याचं काम हेच गुपचूप करत असतं.

माझ्या लिनक्सबरोबर सहाव्या पिढीची आवृत्ती आयती आली होती. पहिल्या फोटोवर ओळ टाकली: ‘शिक्षक दिन, कऱ्हाड’. जे उमटलं ते वाचून मला आमच्या पहिलीच्या वर्गाची आठवण झाली. श आधी, त्याची पहिली वेलांटी मागाहून, पुढच्या क च्या डोक्यावर जाऊन बसलेली. क्ष फुटून क चा मोडका पाय वेगळा आणि ष वेगळा. आणि कऱ्हाडमध्ये तर ऱ खाली नुक्ता घेऊन उभा, त्याचा पाय मोडलेला, ह शेजारी परका असल्यासारखा. अक्षरं सगळी हजर, पण एकमेकांशी बोलणं बंद.

मी फाँटला दोष दिला. लोहित लावला, मुक्ता लावला, नोटो लावला. प्रत्येकात तोच गोंधळ, फक्त वळण वेगळं. त्यात एक संध्याकाळ गेली. मग ठरवलं की आवृत्तीच जुनी आहे, सातवी पिढी २०१६ पासून आहे, ती सोर्स कोडवरून, म्हणजे प्रोग्रामच्या मूळ लिखाणावरून, स्वतः कंपाइल करू, म्हणजे यंत्राला चालवता येईल अशी बांधू. नवीन आहे म्हणजे मराठी येत असणारच, हे मी गृहीतच धरलं. का धरलं, ते आज सांगता येणार नाही.

सोर्स उतरवून घेणं दोन मिनिटांचं काम. सोर्स कोडचा सगळा इतिहास सांभाळणाऱ्या गिटवरून घेताना पूर्ण इतिहास नको, शेवटची अवस्था तेवढी दे असं सांगितलं की डाउनलोड बरंच हलकं होतं. मग तीन पावलं: कन्फिगर (यंत्रावर काय काय आहे ते तपासणं), मेक (बांधणं), मेक इन्स्टॉल (जागेवर बसवणं). मेक करताना एकाच वेळी किती कामं चालवायची तो आकडा देता येतो. मी आकडा न देता नुसता पर्याय दिला. त्याचा अर्थ ‘हवी तेवढी चालव’ असा होतो हे लॅपटॉप गोठल्यावर समजलं. माउसचा बाण हलेना, पंखा पिठाच्या गिरणीसारखा वाजायला लागला, शेवटी बटण दाबून बंद केला. चार जीबी मेमरी आणि दोन कोअरचं यंत्र आहे ते, त्याला दोनच कामं द्यायची. दोन दिल्यावर ते शहाण्यासारखं चाललं. चहा झाला, जेवण झालं, आणि ताट धुवेपर्यंत काळ्या पडद्यावर पुढची कमांड मागणारा प्रॉम्प्ट पुन्हा आला होता.

इन्स्टॉल करून चालवलं तर पहिल्याच फटक्याला लायब्ररी (पुस्तकांची नव्हे, सॉफ्टवेअरला लागणारा तयार भाग) सापडत नाही म्हणून ते उठेचना. नुकतीच स्वतःच्या हातानं ठेवलेली फाइल जागेवर दिसते आहे आणि यंत्र म्हणतं नाही! यावरचा उपाय साधा आहे: नव्या लायब्ररी कुठे ठेवल्या ते सिस्टिमच्या नोंदवहीत चढवावं लागतं, एलडीकॉन्फिग नावाची एक कमांड, संपलं. ते केलं आणि फोटो उघडायला सांगितलं. उत्तर आलं की जेपीईजी हा प्रकार उलगडून दाखवणारं माझ्याकडे कुणी नाही.

चित्रांचं सॉफ्टवेअर, आणि जेपीजी उघडता येत नाही. मी मोठ्यानं हसलो, बायको आतून विचारायला आली.

इथे थोडं थांबून सांगायला हवं, कारण सगळा घोटाळा याच एका गोष्टीत आहे. इमेजमॅजिक सगळेच प्रकार स्वतः वाचत नाही. जेपीईजी, पीएनजी, टिफ, फाँट, यातल्या प्रत्येकासाठी ते दुसऱ्या कुणाच्या तरी लायब्ररीकडे काम सोपवतं. त्यांच्या भाषेत हे ‘डेलिगेट’, आपल्या भाषेत मुखत्यार. तुमच्या यंत्रावर ती लायब्ररी असली तरी पुरत नाही. चालवायला लागते ती एक फाइल, आणि तिच्या जोरावर नवं काही कंपाइल करायचं तर तिच्यात काय काय आहे ते सांगणारी हेडर फाइलही लागते. ती वेगळ्या पॅकेजात येते, नावाच्या शेवटी ‘डेव्ह’ असतं. कन्फिगर काय करतं? एकेका मुखत्याराचं दार वाजवतं. दार उघडलं तर घेतं, नाही उघडलं तर पुढच्या घरी जातं. तक्रार नाही, लाल अक्षरं नाहीत, थांबणं तर नाहीच. अगदी शेवटी एक लांबलचक तक्ता छापतं. त्यात मधल्या रकान्यात तुम्ही काय मागितलंत ते, आणि शेवटच्या रकान्यात प्रत्यक्ष काय मिळालं ते. मधल्या रकान्यात बहुतेक ठिकाणी ‘हो’, शेवटच्यात ‘नाही’. मी तो तक्ता वाचलाच नव्हता. चुकलं असतं तर थांबलं असतं ना, ही माझी समजूत.

जेपीईजी, पीएनजी, टिफ, फाँटसाठी लागणारी फ्रीटाइप आणि फाँटकॉन्फिग, या सगळ्यांची डेव्ह पॅकेजं टाकली. जुना कचरा साफ करून पुन्हा कन्फिगर. हा साफ करण्याचा टप्पा गाळू नये, नाहीतर आधीच्या फेरीतलं अर्धंमुर्धं शिल्लक राहतं आणि मग चूक कुठली आहे ते ब्रह्मदेवालाही कळत नाही. या वेळी तक्ता बघितला, पण ज्यांची नावं मला ठाऊक होती तेवढ्यांपुरताच. जेपीईजी हो, टिफ हो, फ्रीटाइप हो. झालं. पुन्हा मेक.

आणि या वेळी शहाणपण म्हणून मेक चेक केलं. म्हणजे त्यांच्याच चाचण्या आपल्या यंत्रावर चालवून बघायच्या. यात ते एक चित्र निरनिराळ्या प्रकारांत लिहितात, परत वाचतात, जुळतं का बघतात. दोन चित्रांची तुलना, एकावर एक चढवणं, रंगांची पद्धत बदलणं, सी प्लस प्लसवाल्या भागाची वेगळी तपासणी. कंपाइल व्हायला लागला त्याच्यासारखाच वेळ यातही गेला. तुमचं यंत्र आणि आमचं यंत्र वेगळं, तेव्हा एखादी चाचणी नापास दिसली तरी लगेच घाबरू नका, असं त्यांनीच सूचनांत लिहून ठेवलंय. माझ्याकडे घाबरायचं कारणच नव्हतं. एकही नापास नाही. पडद्यावर हिरव्या ओळींची रांग लागली. इमेजमॅजिकच्या पोटात काही चित्रं कायमची भरलेली असतात, त्यांतलं जादूगाराचं चिन्ह काढून पाहिलं. ६४० बाय ४८०, सूचनांत लिहिलंय तेवढंच. वाचनालयाचा फोटो उघडला, लहान केला, उजळ केला, सगळं लोण्यासारखं.

मग ओळ टाकली: ‘शिक्षक दिन, कऱ्हाड’.

वेलांटी क च्या डोक्यावर.

रात्रीचे साडेअकरा वाजले होते. मी त्या हिरव्या रांगेकडे परत परत बघत होतो. कुणी खोटं बोललेलं नव्हतं. त्या चाचण्यांत जे विचारलं होतं त्याची उत्तरं बरोबरच होती. कऱ्हाड कसं लिहितात हे त्यात कुणी विचारलंच नव्हतं. आमच्या शाळेत एक मुलगा प्रगतिपुस्तक दाखवून म्हणायचा, सगळ्या विषयांत पास आहे. पोहता येतं का, तर तो विषय नव्हता.

दुसऱ्या दिवशी तो तक्ता वरपासून खालपर्यंत, ओळीवर बोट ठेवून वाचला. तळाकडे होतं: रक्म, मागितलं हो, मिळालं नाही. हे नाव मी कधी ऐकलं नव्हतं. शोधलं तर कळलं की ही छोटी लायब्ररी नेमकं हेच करते, गुंतागुंतीच्या लिप्यांची मांडणी. फ्रीटाइप फक्त एकेक अक्षराचा आकार काढून देतं. कोणतं अक्षर कुणाच्या आधी यायचं, कुठे जोडाक्षर होणार, रफार कुठल्या डोक्यावर जाणार, हे त्याला कळत नाही आणि ते त्याचं कामही नाही. ते काम हार्फबझ नावाची दुसरी लायब्ररी करते. उजवीकडून डावीकडे जाणाऱ्या लिप्यांचा क्रम आणखी एक लायब्ररी सांभाळते. आणि या सगळ्यांना एकत्र बांधून पुढे ठेवतं ते रक्म. म्हणजे आधीच्या सगळ्या प्रयत्नांत माझ्याकडे छापखान्यातले खिळे होते, ते जुळवणारा जुळारी नव्हता.

नावाची गंमत सांगायचा मोह आवरत नाही. रक्म हा अरबी शब्द, अर्थ लेखन आणि आकडा दोन्ही. आपली ‘रक्कम’ तिथूनच आलेली. पासबुकात रोज लिहितो तो शब्द माझ्या मराठीच्या मदतीला असा लांबच्या वाटेनं आला. हार्फबझ हेही फारसी ‘हर्फ’ म्हणजे अक्षर, त्यावरून.

रक्मचं डेव्ह पॅकेज टाकलं, साफ केलं, कन्फिगर केलं, आणि या वेळी मेकला हातसुद्धा लावण्याआधी तक्ता पाहिला. हो आणि हो. तिसऱ्यांदा पंखा वाजायला लागला. बायकोनं विचारलं, “अजून किती वेळा तेच?” मी म्हटलं, “आता शेवटचं.” ते शेवटचं नव्हतं, पण तेव्हा मलाही माहीत नव्हतं.

इन्स्टॉल केल्यावर एक फसगत झाली ती सांगून ठेवतो. जुनी कमांड टाइप केली तर ओळ अजूनही मोडकीच. माझ्या छातीत धस्स झालं. पण जुनी आवृत्ती एका फोल्डरमध्ये, नवी दुसऱ्या, आणि टर्मिनलला, म्हणजे त्या काळ्या पडद्याला, जुना पत्ता पाठ होता. टर्मिनल बंद करून नवीन उघडलं. सातव्या पिढीत कमांडीचं नावही बदललंय, आता थेट ‘मॅजिक’ म्हणायचं. म्हटलं. आणि पांढऱ्या पट्टीवर अक्षरं नीट बसली. श च्या आधी वेलांटी, क्ष एकसंध, आणि ह च्या अंगाला चिकटलेला तो चंद्रकोरीसारखा ऱ. मी तो मोठा करून करून पाहिला.

पण एकदा हात पोळल्यावर एका ओळीवर विश्वास ठेवायची तयारी नव्हती. त्यांची मेक चेक होती, तशी आपलीही करू म्हटलं. काकूंच्या मजकुरातून छळणारे शब्द वेचून काढले: कृष्णा, हृदय, राष्ट्र, उद्घाटन, ज्ञानेश्वर, श्रीफळ, द्वितीय, भूकंपग्रस्त (१९६७ च्या डिसेंबरातल्या कोयनेच्या भूकंपानंतर वाचनालयानं धान्य गोळा केलं होतं, त्याचे अकरा फोटो आहेत), दुसऱ्या, शेतकऱ्याचा, वाऱ्यावर आणि अर्थात कऱ्हाड. एकूण चाळीस शब्द, एकाच चित्रावर ओळीनं. शेजारी तेच शब्द स्वतः नव्यानं टाइप करून हार्फबझच्या स्वतःच्या छोट्या अवजारानं त्याच फाँटमध्ये काढले. आधी वाटलं पिक्सेलला पिक्सेल जुळवू. ते जमत नाही, कडा मऊ करायची दोघांची रीत वेगळी, फरक शून्य कधीच येत नाही. मग शब्दांची रुंदी तेवढी ताडून पाहिली. मोडलेलं जोडाक्षर जागा जास्त खातं, ते रुंदीत लगेच पकडलं जातं. अगदी ओबडधोबड युक्ती आहे. तरी रक्म नसलेल्या बिल्डवर, म्हणजे आधी बांधलेल्या प्रतीवर, हीच चाचणी मुद्दाम चालवली तेव्हा तिनं चाळीसपैकी पस्तीस शब्द उडवले, तेव्हा तिच्यावर माझा भरवसा बसला. नापास करता न येणारी परीक्षा काय कामाची?

नव्या बिल्डवर अडतीस पास. राहिलेल्या दोनांत दोष माझ्याकडे निघाला. दोन्हींत कऱ्हाड होतं, पण काकूंच्या फाइलमध्ये ते तीन तऱ्हांनी लिहिलेलं होतं. कुठे ऱ आणि त्याचा पाय मोडून ह. कुठे साधा र, पाय मोडून, मध्ये न दिसणारं एक जोडचिन्ह आणि मग ह. दोन्ही चालतात, दिसतातही सारखी. तिसरा प्रकार म्हणजे ते न दिसणारं चिन्ह मजकूर इकडून तिकडे चिकटवताना गळून पडलेलं. तिथे रफार होऊन ‘कर्हाड’ उमटत होतं. स्क्रीनवर काकूंना ते बरोबर दिसलं होतं तेव्हाच ते बरोबर होतं, नंतर वाटेत सांडलं. अशा एकेचाळीस जागा सापडल्या, त्या हातानं दुरुस्त केल्या, कारण प्रत्येक ‘र्ह’ चुकीचा नसतो. ‘गर्हणीय’ बरोबरच असतं.

याच सुमारास एका मित्रानं फोनवर सहज सांगितलं की अरे, जुन्याच आवृत्तीत पँगो नावाच्या मजकूर मांडणाऱ्या लायब्ररीच्या मार्गानं ओळ काढली असतीस तर मराठी नीट आलं असतं, कंपाइल करायची गरजच नव्हती. मी फोन ठेवल्यावर पाच मिनिटं भिंतीकडे बघत बसलो. करून पाहिलं. खरंच येत होतं. स्वतःची समजूत काढायला एवढंच म्हणतो की पुढची अडचण त्यानं सुटली नसती.

ती अडचण मेमरीची. मोठे समूहफोटो ए-फोर आकारात, ६०० डीपीआयला (इंचाला सहाशे ठिपके) स्कॅन केलेले. म्हणजे ४९६० गुणिले ७०१६, साडेतीन कोटींच्या आसपास ठिपके. सातव्या पिढीत न सांगता जो बिल्ड होतो त्यात प्रत्येक ठिपक्याच्या प्रत्येक रंगाला चार बाइट लागतात. तीन रंग धरले तर एक फोटो उघडला की चारशे एमबी गेले. पट्टी जोडताना आणखी एक प्रत. चार जीबीच्या यंत्रात ब्राउझर उघडा असला की इमेजमॅजिक मेमरी सोडून डिस्कवर लिहायला लागतं आणि मग एका फोटोला चहाचा कप संपतो. म्हणून चौथा बिल्ड. कन्फिगरला सांगितलं की रंगाला आठ बिट पुरे, आणि ती मोठ्या पल्ल्याची दशांश गणितं बंद कर. आता रंगाला एक बाइट, म्हणजे तोच फोटो साधारण शंभर एमबीत. फरक हातात घेऊन बघावा इतका स्पष्ट होता.

पण हा बिल्ड सगळ्यालाच वापरावा असं मी म्हणणार नाही. पिवळे पडलेले, विटलेले फोटो उजळ करताना पायरी पायरीनं बरंच काही करावं लागतं, आणि आठ बिटांत प्रत्येक पायरीला थोडं थोडं हरवत जातं; आकाशात पट्टे दिसू लागतात. म्हणून दुरुस्तीला मोठा बिल्ड, पट्टी लावायला छोटा, दोन वेगळ्या फोल्डरांत. आणि एक धोक्याची गोष्ट: हातानं बांधलेल्या सॉफ्टवेअरला रोजच्या अपडेटमधून दुरुस्त्या येत नाहीत. २०१६ मध्ये याच इमेजमॅजिकमध्ये असं भगदाड सापडलं होतं की मुद्दाम रचलेलं चित्र अपलोड करून सर्व्हरवर कमांड चालवता येत होती. माझा लॅपटॉप काही सर्व्हर नाही, फोटो सगळे घरचे. पण वाचनालयाच्या वेबसाइटवर हे बसवू का, असं कार्यकारिणीतल्या एकानं विचारलं तेव्हा मी नाही म्हणालो. सारखं लक्ष ठेवून नवीन आवृत्ती बांधणारा माणूस हवा, तो मी नाही.

फाँटवर शेवटी थोडा वाद झाला. राज्य शासनानं २०२२ मध्ये देवनागरीबद्दलचा निर्णय काढला त्यात मराठीचा पाकळीचा ल आणि देठाचा श सांगितलाय. मी निवडलेल्या फाँटमध्ये ल हिंदी वळणाचा येत होता. काकू म्हणाल्या, “लायब्ररीत हा ल मी लावू देणार नाही.” बदलला. चाळीस शब्दांची चाचणी नव्या फाँटवर पुन्हा चालवली, सगळी पास.

रविवारी सकाळी सहाशे चाळीस फोटोंची रांग लावून दिली आणि आंघोळीला गेलो. पंखा वाजत होता, पण लॅपटॉप तग धरून होता. दुपारी पेनड्राइव्ह घेऊन वाचनालयात गेलो. काकूंनी चष्मा चढवला, एकेक फोटो पुढे सरकवत निघाल्या. जोडाक्षरांकडे त्यांचं लक्षही नव्हतं, आणि ते नसावं यासाठीच तर मी दोन आठवडे घालवले होते. एकशे बाराव्या फोटोवर थांबल्या. पट्टी नीट, ओळ नीट, कऱ्हाडचा ऱ्ह ठसठशीत.

“हे डावीकडून तिसरे आमचे मामा नव्हेत रे,” त्या म्हणाल्या. “मीच चुकीचं टाइप केलंय. मामा इथे, खांबाआड. अर्धेच दिसतात बघ.”

फाइलमध्ये दोन नावांची अदलाबदल केली, तेवढा एक फोटो पुन्हा काढला. चार सेकंद लागले. काकू तोवर एकशे तेराव्यावर पोहोचल्या होत्या.